ठिपक्यांच्या तक्त्याचा अधिकार किती?

जाड पानावर हिरव्या, पोपटी, केशरी आणि तांबूस रंगांच्या लहानमोठ्या ठिपक्यांनी भरलेले एक वर्तुळ, त्या ठिपक्यांच्या गर्दीत दडलेला एखादा आकडा, आणि तो आकडा उच्चारण्यासाठी उमेदवाराला मिळणारा तीन सेकंदांचा अवधी, एवढ्या अल्प सामग्रीवर आपल्या देशात दरवर्षी असंख्य तरुणांच्या नोकरीचा, परवान्याचा आणि क्वचित शिक्षणाचाही फैसला होत असतो. लेखी परीक्षा उत्तीर्ण झालेला, मैदानावर धावून आलेला, कागदपत्रांच्या तपासणीतून सुखरूप सुटलेला मुलगा ज्या पायरीला सगळे नुसते ‘मेडिकल’ म्हणतात त्या अखेरच्या पायरीवर उभा राहतो, त्याच्यासमोर पुस्तकाची पाने उलटली जातात, दुसऱ्या-तिसऱ्या पानाशीच तो अडखळतो, आणि वयाच्या बावीस-तेविसाव्या वर्षी त्याला प्रथमच समजते की, आपण ज्या जगात आजवर वावरलो ते जग शेजाऱ्याला दिसते तसे आपल्याला दिसत नाही. त्याच घटकेला त्याच्या अर्जावर अपात्रतेचा शेरा पडतो. या तक्त्यांविषयी मला नितांत आदर आहे. इतक्या स्वल्प खर्चात इतके कुशल साधन वैद्यकाच्या हाती क्वचितच आले असेल. तथापि जे साधन दोष हुडकण्यासाठी निर्माण झाले त्याच्याकडून दोषाचे मोजमाप आणि माणसाच्या लायकीचा निवाडा अशी दोन्ही कामे उरकून घेण्याची जी वहिवाट भरतीच्या व्यवहारात पडली आहे, ती त्या साधनावर अन्याय करणारी आहे आणि त्या मुलावरही; आणि हुडकण्याचे जे काम आज नोकरीच्या दारात होते ते शाळेच्या वर्गात, दहा-बारा वर्षे आधी, व्हावयास पाहिजे, असे मला आग्रहपूर्वक सांगावयाचे आहे.

तक्त्याची रचना समजून घेतली म्हणजे त्याचे सामर्थ्य आणि त्याची मर्यादा या दोहोंची कल्पना एकदमच येते. कोणतीही आकृती तिच्या पार्श्वभूमीपासून वेगळी ओळखताना डोळ्याला तिच्या कडेचा आधार असतो, तिच्या उजळपणाचा असतो आणि रंगाचाही असतो. रंगांधळ्या मनुष्याचे बहुतेक व्यवहार यांतील पहिल्या दोन आधारांवर बिनबोभाट चालतात: चौकातील सिग्नलचा तांबडा दिवा वर असतो आणि हिरवा खाली, पिकलेला टोमॅटो हाताला मऊ लागतो, काळ्या शाईतला मजकूर आणि लाल शाईतला मास्तरांचा शेरा अक्षराच्या वळणावरून निराळे ओळखता येतात, म्हणूनच हा दोष घरच्यांनाच काय, पण ज्याचा त्यालाही वर्षानुवर्षे उमगत नाही. ठिपक्यांच्या तक्त्याने हे दोन्ही आधार काढून घेतले. आकृती ठिपक्यांत फोडल्यामुळे तिला सलग कड उरत नाही. ठिपके लहानमोठे आणि फिकट-गडद असे मुद्दाम विस्कळीत पेरल्यामुळे उजळपणाची खूण सापडत नाही. उरतो तो केवळ वर्णभेद, आणि आकृतीचे व पार्श्वभूमीचे वर्णही असे हेरून निवडलेले असतात की, निर्दोष डोळ्याला जे सहज वेगळे दिसतात तेच सदोष डोळ्याला एकाच रंगाच्या छटा वाटाव्यात.

जपानी नेत्रवैद्य शिनोबु इशिहारा यांच्या नावाने जगभर प्रसिद्ध असलेल्या पूर्ण संचात असे ३८ तक्ते आहेत. पहिल्या तक्त्यावरचा १२ हा आकडा सर्वांनाच दिसतो, आणि तो तसा दिसावा अशीच योजना आहे. ज्याला तोही वाचता येत नाही त्याची नजर अधू आहे, त्याला सूचना कळलेली नाही, अथवा तो सोंग करीत आहे, एवढे त्यावरून ताडता येते. पुढच्या काही तक्त्यांत खरे कौशल्य आहे. तेथे निर्दोष डोळ्याला ८ दिसतो तर सदोष डोळ्याला ३. एकाला २९ तर दुसऱ्याला ७०. एकाला ७४ तर दुसऱ्याला २१. म्हणजे सदोष डोळ्याचा मनुष्य गप्प राहत नाही, चाचरतही नाही, तर पूर्ण विश्वासाने भलताच आकडा सांगतो, आणि त्या विश्वासातच त्याचा दोष उघड होतो. त्यानंतरचे काही तक्ते असे की, त्यांवरील आकडा निर्दोष डोळ्यालाच दिसावा आणि सदोष डोळ्याला तेथे नुसते ठिपके दिसावेत. आणि त्यांच्याही पुढे याच्या उलट प्रकार, जेथे लाल-हिरव्याचा भेद जाणणाऱ्या डोळ्याला त्या भेदाचीच इतकी गर्दी होते की आत दडलेला आकडा हरवतो, आणि ज्याला तो भेद दिसत नाही त्याला मात्र आकडा स्वच्छ वाचता येतो. या तक्त्यांशी मी नेहमी थबकतो. ज्याला आपण उणेपणा म्हणतो त्याच्या पदरी येथे अधिक पाहण्याची शक्ती पडते, आणि दोन प्रकारच्या डोळ्यांत एक पूर्ण व दुसरा अपूर्ण असा हिशेब मांडण्यापूर्वी थोडे थांबावे असे वाटू लागते. शेवटी निदानाला दिशा देणारे चार तक्ते असतात: २६ हा आकडा दाखविला असता ज्याला फक्त ६ स्पष्ट दिसतो त्याचा दोष लाल वर्णाच्या बाजूचा, आणि ज्याला फक्त २ दिसतो त्याचा हिरव्या वर्णाच्या बाजूचा. ज्यांना आकडे येत नाहीत अशा लहान मुलांसाठी आणि निरक्षरांसाठी वळणावळणाच्या रेषांचे तक्ते आहेत. त्या रेषेवरून मऊ कुंचला फिरवून दाखवावयाचा, बोट फिरवावयाचे नाही, कारण घामट बोटांनी रंग विटतो.

या सर्व प्रकाराचे मूळ डोळ्याच्या मागील पडद्यावर, म्हणजे दृष्टिपटलावर आहे. तेथील शंकूच्या आकाराच्या पेशी तीन प्रकारच्या असून त्यांची संवेदना अनुक्रमे सुमारे ४२०, ५३० आणि ५६० नॅनोमीटर तरंगलांबीच्या प्रकाशाला सर्वाधिक असते. यांतील शेवटच्या दोन प्रकारांची रंगद्रव्ये एकमेकांशी इतकी मिळतीजुळती आहेत आणि त्यांची जनुके एक्स गुणसूत्रावर इतकी शेजारीशेजारी आहेत की, पिढी बदलताना त्यांची सरमिसळ होणे मुळीच दुर्मिळ नाही. एखादे द्रव्य अजिबात नसले तर दोष तीव्र, आणि असूनही त्याची संवेदना शेजाऱ्याकडे सरकलेली असली तर दोष सौम्य. पुरुषाजवळ एक्स गुणसूत्र एकच असल्यामुळे दोष त्याच्यात प्रकट होतो, आणि स्त्रीजवळ दोन असल्यामुळे ती बहुधा स्वतः निर्दोष राहून तो पुढे नेते. उत्तर युरोपीय वंशाच्या पुरुषांत सुमारे ८ टक्के आणि स्त्रियांत अर्धा टक्का असे याचे प्रमाण सांगतात, आणि आपल्याकडे ते त्याहून कमी व समाजागणिक वेगळे आढळते. वडिलांचा हा दोष मुलाकडे येत नाही. तो आजोळाहून येतो, आईच्या वडिलांकडून आईच्या मार्गाने नातवाकडे. या वाटेची माहिती ज्या घरात असेल तेथे पुष्कळसा मनस्ताप आधीच टळू शकतो, आणि ती असते अशी घरे फार थोडी.

या विषयाच्या शास्त्रीय इतिहासाचा आरंभ ज्याने केला त्यालाही आपला दोष योगायोगानेच समजला. अणुसिद्धान्ताबद्दल कीर्ती पावलेला इंग्रज रसायनज्ञ जॉन डाल्टन याला जिरेनियमचे गुलाबी फूल दिवसाच्या उजेडात निळे दिसे आणि मेणबत्तीच्या उजेडात तांबडे. इतरांना असा फरक दिसत नाही, केवळ आपल्या भावाला दिसतो, हे ध्यानी येताच त्याने शोध आरंभिला आणि १७९४ मध्ये मँचेस्टरच्या विद्वत्सभेपुढे त्याविषयी निबंध वाचला. आपल्या डोळ्यातील द्रव निळसर असावा आणि तो लाल किरण शोषून घेत असावा, असा त्याचा तर्क होता. आपल्या मृत्यूनंतर डोळे तपासून पाहावेत अशी त्याची इच्छा होती, आणि १८४४ मध्ये तो वारल्यावर वैद्याने तसे पाहिले तेव्हा द्रव स्वच्छ, वर्णहीन निघाला. तर्क खोटा ठरला, परंतु जपून ठेवलेल्या डोळ्याच्या अवशेषातून १९९५ मध्ये त्याच्या जनुकांची परीक्षा झाली आणि त्याच्या दृष्टिपटलात मधल्या तरंगलांबीचे रंगद्रव्यच नव्हते असे सिद्ध झाले. दीडशे वर्षांनी मिळालेले हे उत्तर मोठे हृद्य आहे खरे. पण आजच्या आपल्या प्रश्नाच्या दृष्टीने डाल्टनच्या हकिकतीतला महत्त्वाचा तपशील मेणबत्तीचा आहे. उजेड बदलला की सदोष डोळ्याला दिसणारा रंग बदलतो, हे या शास्त्राचे पहिलेच निरीक्षण होते, आणि भरतीच्या तपासणीत त्याचाच सर्वांत अधिक विसर पडलेला असतो.

रंगदृष्टीची सक्तीची तपासणी सुरू झाली ती आगगाड्यांमुळे. १८७५ च्या नोव्हेंबरात स्वीडनमध्ये लागरलुंडा येथे दोन गाड्यांची टक्कर होऊन माणसे दगावली, तेव्हा उप्सालाचे शरीरशास्त्रज्ञ फ्रितिओफ होल्मग्रेन यांनी चालकाच्या रंगांधतेचा संशय पुढे मांडला, रंगीत लोकरीच्या लडी जुळवून दाखविण्याची चाचणी तयार केली आणि ती रेल्वेच्या नोकरांना लावण्याचा आग्रह धरला. त्या अपघाताचे कारण रंगांधता हेच होते असे कधीही सिद्ध झाले नाही, आणि तरीही त्या संशयातून निघालेली प्रथा जगभर पसरली. त्याच सुमारास जर्मनीत याकोब श्टिलिंग यांनी ठिपक्यांच्या तक्त्यांची कल्पना प्रथम अंमलात आणली. इशिहारा (१८७९-१९६३) हे जपानी सैन्यात वैद्य होते. सैन्यात दाखल होणाऱ्यांची रंगदृष्टी तपासण्यासाठी काही सोपे साधन करावे असे काम त्यांच्यावर सोपविण्यात आले, आणि त्यांनी जलरंगांनी रंगविलेल्या तक्त्यांवर प्रथम जपानी अक्षरे घातली, पुढे १९१७ मध्ये परदेशांसाठी आकडे घातलेली आवृत्ती काढली. हजारो जवानांच्या रांगेतून संशयित डोळे चटकन बाजूस काढावेत, या गरजेतून हे साधन जन्मले. ती चाळणी होती, आणि चाळणी म्हणून शंभर वर्षांत तिची बरोबरी करणारे फारसे काही निघालेले नाही.

आता चाळणीला जे जमत नाही ते पाहावे. पहिली गोष्ट, हे तक्ते लाल-हिरव्याच्या दोषासाठीच रचलेले आहेत. निळ्या-पिवळ्याचा जो विरळ दोष असतो, आणि जो कित्येकदा दृष्टिपटलाच्या किंवा मज्जातंतूच्या आजारातून मागाहून उद्भवतो, तो त्यांना सापडत नाही. दुसरी गोष्ट उजेडाची. तक्ता दिवसाच्या स्वच्छ उजेडात, डोळ्यापासून ७५ सेंटिमीटर अंतरावर, नजरेशी काटकोनात धरावा असे पुस्तिकेत स्पष्ट सांगितले आहे. पिवळ्या बल्बखाली तोच तक्ता धरला तर हिरव्या बाजूचा सौम्य दोष असलेला एखादा मनुष्य बिनचूक आकडे वाचून निसटतो. मोबाईलच्या पडद्यावर किंवा रंगीत झेरॉक्सवर छापून घेतलेल्या तक्त्यांचे रंग मुळाबरहुकूम असण्याची शाश्वतीच नाही, आणि वर्षानुवर्षे खिडकीपाशी उघडे पडून फिकटलेल्या पुस्तकाचीही तीच अवस्था. तिसरी गोष्ट पाठांतराची: आकडे सर्वत्र तेच, त्यांचा क्रमही तोच, त्यामुळे ज्याला आपला दोष आधी ठाऊक आहे आणि ज्याची तयारी आहे त्याने ते तोंडपाठ करून यावे, आणि जो प्रामाणिकपणे अनभिज्ञ आहे त्याने अडकावे, असा विपरीत न्याय घडू शकतो.

सर्वांत मोठी उणीव मात्र मोजमापाची आहे, आणि माझ्या तक्रारीचे मर्म तेथेच आहे. पूर्ण संचातील पहिल्या २१ तक्त्यांपैकी १७ किंवा अधिक बरोबर वाचले तर रंगदृष्टी निर्दोष समजावी, १३ किंवा कमी वाचले तर सदोष समजावी, असा पुस्तिकेचा नियम आहे. परंतु सदोष ठरलेल्यांत तीव्र कोण आणि सौम्य कोण हे चुकांच्या संख्येवरून भरवशाने सांगता येत नाही; ज्याला एक रंगद्रव्य अजिबात नाही तो आणि ज्याचे ते द्रव्य केवळ थोडे सरकलेले आहे तो, हे दोघेही जवळजवळ सारख्याच चुका करून खोलीबाहेर पडू शकतात, आणि बाहेरच्या जगात त्या दोघांच्या क्षमतेत जमीनअस्मानाचे अंतर असते. हे अंतर मोजण्याची साधने आहेत. अमेरिकन संशोधक फार्न्सवर्थ यांच्या डी-१५ नावाच्या चाचणीत पंधरा रंगीत बिल्ले पेटीतून बाहेर काढून, पहिल्या ठरावीक बिल्ल्यापासून सुरुवात करून, जवळचा रंग जवळ असे ओळीने लावावयाचे असतात. सौम्य दोषाचा मनुष्य ते बहुधा नीट लावतो, तीव्र दोषाच्या हातून निळसर बिल्ल्याशेजारी एकदम जांभळट बिल्ला येऊन पडतो. नागेलच्या यंत्रात तांबडा आणि हिरवा प्रकाश मिसळून पिवळ्याशी जुळवावा लागतो, आणि कोणत्या प्रमाणात जुळला यावरून दोषाची जात आणि तीव्रता दोन्ही निश्चित होतात. केंद्र सरकारने २४ जून २०२० रोजी मोटार वाहन नियमांत दुरुस्ती करून सौम्य व मध्यम रंगांधता असलेल्यांना वाहन चालविण्याचा परवाना मिळण्याची वाट मोकळी केली, केवळ तीव्र दोष असलेल्यांना मनाई ठेवली, हे निःसंशय योग्य झाले. परंतु सौम्य, मध्यम आणि तीव्र हे तीन शब्द नियमात लिहिताना ते ठरविणार कशावरून, याची तजवीज तितक्याच स्पष्टपणे व्हावयास हवी होती. दाखला देणाऱ्या डॉक्टरांच्या टेबलावर जर ठिपक्यांचे पुस्तकच तेवढे असेल, तर त्या नियमाचा लाभ कोणाला मिळावा हे नशिबावर सोडल्यासारखे होते.

आमच्या परिचयातील एका शेतकरी कुटुंबातील मुलाची हकिकत येथे सांगितल्यावाचून राहवत नाही. वीजतंत्रीचा अभ्यासक्रम चांगल्या गुणांनी पुरा करून तो एका सरकारी उपक्रमाच्या भरतीत उतरला, यादीत वरच्या क्रमांकावर आला, आणि वैद्यकीय तपासणीच्या दिवशी एका अरुंद व्हरांड्यात, रांगेतले पुढचे-मागचे उमेदवार खांद्यावरून डोकावत असताना, त्याच्यापुढे पुस्तक धरण्यात आले. त्याने २९ च्या जागी ७० वाचले तेव्हा मागून कोणीतरी हसले. कागदावर एकच ओळ लिहिली गेली: रंगदृष्टी सदोष, अपात्र. दोष किती, कोणत्या बाजूचा, त्या पदाच्या नेमक्या कोणत्या कामात त्याची अडचण होणार, यांपैकी कशाचाही उल्लेख त्या कागदावर नव्हता. मी त्यांच्या घरी गेलो तेव्हा त्याची आई म्हणाली, “मिरच्या तोडायला लावलं की हिरव्यांत लाल मिसळून आणायचा. आम्ही म्हणायचो, पोराचं लक्ष नाही कामात. माझ्या वडलांचंबी असंच होतं बघा, पण त्यांना कोण कुठं तपासायला बसलंय!” सारे निदान त्या माउलीच्या दोन वाक्यांत होते, आजोळच्या वारशासकट, वीस वर्षांत ते विचारावे असे कोणाला सुचले नाही इतकेच. पुढे त्या मुलाने पदरचे पैसे खर्चून शहरात सविस्तर तपासणी करून घेतली, दोष सौम्य निघाला, आणि तोवर फेरतपासणीच्या अर्जाची मुदत टळून गेली होती.

याचा अर्थ सर्वच अटी उठवाव्यात असा कोणी करू नये. ज्याच्या हाती शेकडो प्रवाशांचे प्राण आहेत त्या इंजिनचालकाच्या बाबतीत रेल्वेने कठोर राहिले पाहिजे. लाल बाजूचा दोष असलेल्या डोळ्याला तांबडा दिवा नुसता वेगळ्या रंगाचा दिसत नाही, तो मंद दिसतो, आणि धुक्याच्या रात्री तो मंदपणा प्राणघातक ठरू शकतो. रेल्वेची स्वतःची पद्धत या दृष्टीने अभ्यसनीय आहे. तेथे गाडी चालविण्याशी संबंधित पदांना रंगदृष्टीची अट आहे, कारकुनी ‘सी’ वर्गाला ती नाही. आणि ठिपक्यांच्या तक्त्यांच्या जोडीला एड्रिज-ग्रीनचा कंदील वापरण्याची परंपराही आहे, ज्यात काळोख्या खोलीत निरनिराळ्या आकाराच्या छिद्रांतून सिग्नलचे रंग दाखवून, प्रत्यक्ष कामात जे ओळखावे लागेल तेच ओळखावयास सांगितले जाते. कामाशी नाते असलेली अशी चाचणी कितीही कडक असली तरी तिच्यात नापास झालेल्या मनुष्याला आपण कशासाठी नाकारले गेलो हे तरी कळते.

जेथे असे नाते कोणी शोधलेच नाही तेथे न्यायालयांना शोधावे लागले आहे. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये चित्रपट-संकलनाच्या अभ्यासक्रमासाठी निवडला गेलेला एक विद्यार्थी रंगांधतेच्या कारणावरून नाकारला गेला, मुंबई उच्च न्यायालयातही त्याला दाद मिळाली नाही, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने नेत्रवैद्य आणि चित्रपटव्यवसायातील जाणकार यांची समिती नेमली. रंगांधळ्यांना संस्थेच्या कोणत्याही अभ्यासक्रमास मज्जाव असू नये असे त्या समितीने सांगितले, आणि एप्रिल २०२२ मध्ये न्यायालयाने तो अभिप्राय उचलून धरला. संकलकाचे काम दृश्यांचा क्रम, लय आणि अर्थ जुळविण्याचे. रंगसंस्करण हा त्या अभ्यासक्रमाचा अगदी छोटा भाग, आणि तो ऐच्छिक करता येण्याजोगा. हे ओळखायला इतकी वर्षे आणि देशातील सर्वोच्च न्यायासन लागावे, याचा खेद वाटतो. ऑक्टोबर २०२३ मध्ये तामिळनाडूच्या वीज कंपनीने नाकारलेल्या एका सहायक अभियंत्याच्या प्रकरणात याच न्यायालयाने नियुक्तीचा आदेश दिला आणि अशा माणसाची कोंडी बोलून दाखविली: २०१६ च्या दिव्यांग कायद्यातील २१ प्रकारांत रंगांधता नाही, त्यामुळे त्याला त्या कायद्याचे आरक्षण नाही, आणि निर्दोष उमेदवारांच्या रांगेतही त्याला जागा नाही, धड इकडे नाही, धड तिकडे नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये तेलंगणच्या परिवहन महामंडळाने रंगांधतेमुळे घरी बसविलेल्या एका बसचालकाला दुसरे काम देण्याचा हुकूम झाला. तिन्ही निर्णय स्वागतार्ह आहेत; परंतु ज्याच्याजवळ दिल्लीपर्यंत लढण्याइतके बळ आहे त्यालाच न्याय, ही व्यवस्था कोणत्याही सुसंस्कृत राज्याला भूषणावह नाही.

शाळेत तपासणी करावी म्हटले की एक रास्त आक्षेप येतो, आणि त्याचे उत्तर ज्या देशाने जगाला हे तक्ते दिले त्या जपानच्याच अनुभवात सापडते. तेथे प्राथमिक शाळेच्या चौथ्या इयत्तेत ही तपासणी सक्तीची होती. तिच्या निकालाचा आधार घेऊन पुढे महाविद्यालये आणि कारखाने मुलांना सरसकट दारे बंद करीत, वर्गात चिडवाचिडवी होई, पालक लाजत; या भेदभावाविरुद्ध ओरड झाल्यावर नोकरीच्या वेळची रंगदृष्टी-तपासणी २००१ मध्ये आणि शाळेतील सक्ती २००३ मध्ये काढून टाकण्यात आली. हेतू उदात्त होता. पण मग अशी पिढी वाढली की जिला आपल्या डोळ्यांविषयी काहीच ठाऊक नव्हते, आणि वैमानिक किंवा पोलीस होण्याची स्वप्ने पाहत वाढलेली मुले ऐन उंबरठ्यावर येऊन थबकू लागली. तेथील नेत्रवैद्यांनी हे वारंवार निदर्शनास आणून दिले, आणि अखेर २०१४ मध्ये शिक्षण खात्याने पालकांच्या संमतीने, ज्यांना हवी त्यांची तपासणी शाळेत करून द्यावी अशी सूचना काढली. आपण त्या दोन्ही टोकांचे चटके न सोसता त्यांच्या तिसऱ्या पायरीवरून आरंभ करू शकतो. अज्ञानाने मुलाचे रक्षण होत नाही, आणि उघड्या नोंदवहीत नाव चढविल्यानेही होत नाही.

आपल्या शाळांत डोळ्यांची तपासणी म्हणून जी होते तीत भिंतीवरच्या अक्षरांचा तक्ता लांबून वाचवून घेतात, चष्मा हवा की नको एवढे ठरते, आणि रंगांचा विषय बहुधा निघत नाही. पाचवी ते सातवीच्या दरम्यान एकदा, पालकांची लेखी संमती घेऊन, सकाळच्या उजेडात, खिडकीपाशी, एका वेळी एकच मूल खोलीत घेऊन ही तपासणी करण्यास दोन-तीन मिनिटे पुरतात. हा दोष जन्माचा असतो आणि वयाबरोबर बदलत नाही, म्हणून ती आयुष्यात एकदा केली तरी भागते. निकालाचा कागद बंद पाकिटातून पालकांच्या हाती जावा, शिक्षकाला त्यातले तेवढेच कळावे जेवढ्याची त्याला वर्गात गरज आहे: हिरव्या फळ्यावर लाल खडूने लिहू नये, नकाशातील प्रदेश नुसत्या लाल-हिरव्या रंगांनी न भरता रेघांनी आणि नावांनीही वेगळे दाखवावेत, प्रयोगशाळेत द्रावणाचा रंग पालटला की नाही हे सांगण्यासाठी या मुलाला एक जोडीदार द्यावा. आणि ज्याच्या चुका ठिपक्यांच्या तक्त्यावर सापडल्या त्याला दहावीनंतरची शाखा निवडण्याआधी जिल्हा रुग्णालयाच्या नेत्रविभागात डी-१५ ची पेटी विनामूल्य उपलब्ध असावी, तेथल्या दाखल्यावर दोषाची बाजू आणि तीव्रता दोन्ही नोंदलेली असावीत, आणि कोणत्याही सरकारी भरतीत केवळ ठिपक्यांच्या तक्त्याच्या आधारावर अपात्रतेचा शेरा लिहिण्यास वैद्यकीय अधिकाऱ्याला मनाई करणारा, दुसऱ्या चाचणीचा निकाल आणि त्या पदाच्या कामातील नेमकी अडचण नमूद करणे त्याच्यावर बंधनकारक करणारा शासननिर्णय महाराष्ट्र सरकारने येत्या भरतीच्या आधी काढावा.